कागेयामा हिरोनोबु: ‘ड्रॅगन बॉल झी’चं गाणं म्हणणारा माणूस

नाचणी

मी आठवीत असताना नाशिकला आमच्या घरी रोज संध्याकाळी एकच भांडण असायचं: आजीची मालिका लावायची की माझं ‘ड्रॅगन बॉल झी’ हे जपानी कार्टून. बहुतेकदा आजी मला जिंकू द्यायची. गोकूच्या सगळ्या लढाया मी तिच्या शेजारी बसून पाहिल्या. पण त्या मालिकेचं मूळ जपानी शीर्षकगीत पहिल्यांदा कानावर पडलं ते इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला, हॉस्टेलमधल्या मित्राच्या संगणकावर. आपल्याकडे दाखवायचे ती अमेरिकेतून आलेली आवृत्ती होती आणि अमेरिकेत डब करताना सुरुवातीचं गाणं काढून दुसरंच संगीत घातलेलं होतं. जपानमधली पोरं १९८९पासून दर बुधवारी संध्याकाळी सात वाजता जे गाणं ऐकत मोठी झाली, ते माझ्यापर्यंत इतक्या वर्षांनी आलं.

गाणं ‘चा-ला हेच्चा-ला’. शब्द मोरी युकिनोजो यांचे, चाल कियोओका चिहो यांची, आवाज कागेयामा हिरोनोबु यांचा. (जपानी रीतीप्रमाणे आडनाव आधी लिहितोय.) त्या रात्री आम्ही ते किती वेळा लावलं ते सांगता येणार नाही. मला जपानी अक्षरही कळत नव्हतं, पण हा माणूस कुणाला तरी उठवून उभं करतोय एवढं कळत होतं. मग या माणसाचा शोध घेत गेलो, आणि जे सापडलं ते गेली कित्येक वर्षं मनात आहे. मराठीत यावर काही वाचलं नाही, म्हणून हा धागा.

कागेयामांचा जन्म १९६१चा, ओसाकाचा. शाळेतल्या मित्रांबरोबर त्यांनी बँड काढला, ‘लेझी’. हे नाव डीप पर्पल या ब्रिटिश हार्ड रॉक बँडच्या गाण्यावरून उचललेलं, त्यावरून पोरांचा ओढा कुठे होता ते कळतं. १९७७ साली, कागेयामा १६ वर्षांचे असताना, पहिली रेकॉर्ड निघाली. पण त्यांना बाजारात आणणाऱ्यांना हार्ड रॉक नको होतं. त्यांना हवी होती देखणी, हसरी पोरं, शाळकरी मुलींनी ज्यांचे फोटो जपून ठेवावेत अशी. पाचही जणांना टोपणनावं मिळाली. कागेयामा झाले ‘मिशेल’. १९७८मध्ये ‘आकाझुकिन-चान गोयोजिन’ हे गाणं गाजलं. अर्थ साधारण ‘लाल टोपीवाल्या मुली, जपून राहा’ असा. ज्या पोरांना डीप पर्पल व्हायचं होतं, ती टीव्हीवर हे गात होती.

१९८० साली त्यांनी शेवटी मनासारखा अल्बम केला, अंतराळयानाच्या कल्पनेवर रचलेला, खणखणीत हार्ड रॉक. पुढच्याच वर्षी बँड फुटला. वीस वर्षांचा एक मुलगा उरला. ज्यांना तो माहीत होता त्यांना ‘मिशेल’ म्हणून माहीत होता आणि ते नाव आता कुणाला नको होतं, त्याला स्वतःलाही. एकट्याच्या नावावर रेकॉर्ड काढल्या, खपल्या नाहीत. छोट्या छोट्या लाइव्ह हाउसमध्ये, गावोगाव फिरत, तो गात राहिला.

१९८५मध्ये त्याच्याकडे ‘देनगेकी सेनताई चेंजमन’चं शीर्षकगीत आलं. हे ॲनिमे (जपानी कार्टून) नाही. रंगीत पोशाखातले पाच वीर राक्षसांशी लढतात अशी लहान मुलांची मालिका, जपानीत ज्याला टोकुसात्सु म्हणतात त्यातली. पण या गाण्यांचं आणि ॲनिमेच्या गाण्यांचं घराणं एकच. श्रेयनामावलीत गायकाचं नाव आलं फक्त ‘KAGE’, कागेयामातली पहिली दोन अक्षरं रोमन लिपीत लिहून.

माझ्या मते त्यांच्या आयुष्याचं खरं वळण इथे आहे, ‘ड्रॅगन बॉल’शी नाही. त्यांचं आधीचं सगळं चेहऱ्यावर आणि नावावर उभं होतं. इथे पडद्यावर चेहरा दुसऱ्यांचा, नाव अर्धवट, आणि ऐकणारी पोरं पाच-सहा वर्षांची. त्यांना मिशेल कोण ते माहीत नव्हतं. गाणं लागलं की उड्या मारायच्या, नाही आवडलं तर खेळायला पळायचं, इतका सरळ त्यांचा निकाल. त्या पोरांनी उड्या मारल्या. लेझीच्या काळात ज्या आवाजाला कुणी मोकळं सोडलं नव्हतं, तो चेंजमनच्या हाकेत पूर्ण उघडला. दुसऱ्याच्या गोष्टीसाठी गाताना या माणसाला स्वतःचा आवाज सापडला, असं मला मनापासून वाटतं.

पुढे १९८७ला ‘मास्कमन’. १९८८ला ‘सेंट सेइया’ या ॲनिमेचं दुसरं शीर्षकगीत ‘सोल्जर ड्रीम’. आणि १९८९च्या एप्रिलमध्ये ‘ड्रॅगन बॉल झी’. ती मालिका १९९६च्या जानेवारीपर्यंत चालली, २९१ भाग, आणि एवढ्या काळात सुरुवातीची गाणी फक्त दोन: १९९व्या भागापर्यंत ‘चा-ला हेच्चा-ला’, २००व्यापासून ‘वी गॉट्टा पॉवर’. दोन्ही कागेयामांची. सात वर्षं जपानमधल्या प्रत्येक घरात दर आठवड्याला एकच माणूस गात होता.

मधल्या काळात ब्राझीलमध्ये ‘चेंजमन’ लागलं आणि तिथल्या एका अख्ख्या पिढीच्या तोंडी ते नाव बसलं. लॅटिन अमेरिकेत ‘ड्रॅगन बॉल झी’चं गाणं काढून टाकलं नाही. चाल तीच ठेवून स्पॅनिश शब्द घातले. म्हणून मेक्सिकोतला चाळिशीचा माणूस ही चाल ऐकून डोळे पुसतो, आणि माझ्या वयाचा नाशिककर ‘हे कुठलं गाणं?’ विचारतो. मला याची अजून हळहळ वाटते.

पुढचं (जॅम प्रोजेक्ट हा त्यांचा गायकांचा गट वगैरे) प्रतिसादांत लिहीन, इथेच फार लांबलं. तुमच्यापैकी कुणी ऐकलंय का यांना? कुठून, कसं?

कैरीपन्हं

सुंदर लिहिलंयस. वाचनखूण साठवली.

फक्त एका गोष्टीवर वेगळं वाटतं. गाणं बदलणं दर वेळी नुकसानच असतं का? दूरदर्शनवरचा रविवारचा मोगली आठव. ती मालिका निप्पॉन ॲनिमेशनची, म्हणजे पक्की जपानी. पण आपल्यासाठी गाणं नवीन केलं, गुलजारांचे शब्द आणि विशाल भारद्वाज यांचं संगीत. माझ्या पिढीला मोगली म्हटलं की ते गाणंच आठवतं, आणि मला ते बदललं जायला नको होतं. चिन्या झोपाळू असायचा, तरी ती चाल कानावर पडली की अंथरुणातून उठून यायचा. (चिन्या माझा धाकटा भाऊ.)

नाचणी

@कैरीपन्हं ताई, शंभर टक्के मान्य. फरक एवढाच की तिथे कुणीतरी बसून आपल्या मुलांसाठी मन लावून गाणं केलं. शीर्षकगीत म्हणजे गोष्टीच्या घराचा उंबरठा. तो नव्याने बांधला तरी चालतं, नुसता उपटून टाकला की लागतं. ‘डोरेमॉन’ची हिंदी गाणीही आपल्या पोरांना तोंडपाठ आहेत, त्यांना मी कधी नावं ठेवणार नाही.

मेटल_मावळा

थांबा थांबा. लेझी म्हणजे ताकासाकी आकिरांची लेझी?! मी वीस वर्षं लाउडनेस ऐकतोय आणि हा दुवा माझ्या डोक्यात कधी नीट बसलाच नव्हता.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: १९८१मध्ये लेझी फुटल्यावर गिटारवाले ताकासाकी आकिरा आणि ड्रमवाले हिगुची मुनेताका यांनी लाउडनेस काढला. जपानी हेवी मेटल म्हटलं की जगात पहिलं नाव याच बँडचं निघतं. १९८५चा त्यांचा ‘थंडर इन द ईस्ट’ अमेरिकेत बिलबोर्डच्या २०० अल्बमच्या यादीत ७४व्या क्रमांकापर्यंत गेला. त्या काळात जपानी मेटल बँडने तिथे पोचणं ही फार मोठी गोष्ट होती. पुण्यात आमचा एक कट्टा होता, तिथे त्या अल्बमची कॅसेट कॉपी करकरून टेपच्या आतली पट्टी घासली गेली होती.

आता नाचणीने दिलेलं साल बघा. १९८५. एकाच बँडमधली, एकाच शाळेच्या दिवसांतली ही पोरं. एक अमेरिकेत, आणि दुसरा टोकियोत लहान मुलांच्या मालिकेचं गाणं म्हणतोय, तेही अर्ध्या नावाने. त्या वर्षी कागेयामांना काय वाटत असेल याचा विचार करत मी आज ऑफिसातून घरी आलो.

(अवांतर: त्याच वर्षी लाउडनेसनेही ‘ओदिन’ या ॲनिमे चित्रपटासाठी गाणं केलंय. म्हणजे दोन्ही वाटा अगदीच लांब नव्हत्या.)

नाचणी

@मेटल_मावळा, तुम्ही अगदी मर्मावर बोट ठेवलंत. आणि या पाच जणांची गोष्ट तिथे संपत नाही.

कीबोर्डवर होते इनोउए शुन्जी, टोपणनाव ‘पॉकी’. बासवर तानाका हिरोयुकी, टोपणनाव ‘फनी’. यातल्या इनोउएंनी पुढे १९९९मध्ये लान्तिस ही रेकॉर्ड कंपनी काढली, ॲनिमेच्या संगीताला वाहिलेली. ज्या कंपनीने पुढची दोन दशकं ॲनिमेची शेकडो गाणी बाजारात आणली, ती शाळकरी बँडमधल्या एका मित्राने उभी केलेली होती. कागेयामांचा जॅम प्रोजेक्टही लान्तिसचाच. लहानपणी एकाच गाडीतून कार्यक्रमांना जाणारी दोन पोरं चाळिशीच्या उंबरठ्यावर पुन्हा एका छपराखाली आली.

त्याआधी लेझीची मंडळी ‘अल्ट्रामन डायना’च्या गाण्यासाठी परत एकत्र आली होती. म्हणजे लेझी पुन्हा जमली तीसुद्धा लहान मुलांच्या मालिकेसाठी. तानाका २००६मध्ये गेले, हिगुची २००८मध्ये.

निशी_कासाई

मी सहा वर्षं टोकियोत राहतेय. एदोगावातल्या आमच्या निशी-कासाईत इतके भारतीय आहेत की गणपतीत आरतीचा आवाज दोन इमारतींपलीकडे जातो. ॲनिमे मी फारसं बघत नाही. पण हा धागा वाचून एक प्रसंग सांगावासा वाटला.

आमच्या विभागात एक साहेब आहेत, पन्नाशीचे. दिवसभरात चार वाक्यं बोलतील तर शपथ. डिसेंबरात वर्षअखेरची मेजवानी झाली, मग सगळे कराओकेला. मी कोपऱ्यात बसून मेन्यू चाळत होते. यंत्रावर एक गाणं लागलं आणि साहेब उठले. कोट काढला, नीट घडी घालून खुर्चीच्या पाठीवर ठेवला, आणि गायला लागले. पहिल्याच ओळीला खोलीतले सगळे पुरुष ताठ झाले. कोरसला तर कुणी बसलेलं राहिलं नाही. शेजारच्या मुलीला मी विचारलं, हे काय आहे? ती म्हणाली, ‘ड्रॅगन बॉल’. तिनं असं सांगितलं की जणू मी ‘जन गण मन’ काय आहे असं विचारलं होतं.

दुसऱ्या दिवशी साहेब पुन्हा चार वाक्यांवर. पण त्यांच्याशी बोलायची माझी भीती गेली ती गेलीच.

नाचणी, त्यांचं वय आता कळलं. १९८९मध्ये ते चौदा-पंधरा वर्षांचे असणार.

बोरघाट

लेख आवडला, माहिती नवी आहे. तरी थोडं विरुद्ध बोलतो, राग मानू नका.

मला ही जुन्या धाटणीची गाणी, ज्यात वीराचं नाव, त्याचं शस्त्र, सगळं छाती फुगवून गायलेलं असतं, ती कधी आपलीशी वाटली नाहीत. मी ‘स्लॅम डंक’ या बास्केटबॉलवरच्या ॲनिमेचा माणूस. त्याचं पहिलं शीर्षकगीत बास्केटबॉलबद्दल एक शब्द बोलत नाही. ‘तू मला आवडतेस हे ओरडून सांगावंसं वाटतं’ असं एक सरळ प्रेमगीत. पण पंधरा-सोळाव्या वर्षी खेळ आणि प्रेम वेगळं कुठे असतं? सुरुवातीच्या चित्रांतलं ते समुद्रालगतचं रेल्वे फाटक आणि ते गाणं, माझ्यासाठी तारुण्य म्हणजे ते.

आणि आजचं बोलायचं तर लिसा ही गायिका. ‘डीमन स्लेअर’ या ॲनिमेचं तिचं ‘गुरेंगे’ २०१९चं. त्याच वर्षी ती कोहाकूत गायली, म्हणजे जपानी टीव्हीवरचा ३१ डिसेंबरचा सगळ्यात मानाचा कार्यक्रम. पुढच्या वर्षी त्यावरच्या चित्रपटातल्या ‘होमुरा’ला जपान रेकॉर्ड पुरस्कार. गेल्या सप्टेंबरात, म्हणजे २०२५मध्ये, त्याचाच ‘इन्फिनिटी कॅसल’ हा चित्रपट आपल्याकडे लागला तेव्हा मी पुण्यात सकाळच्या खेळाला गेलो होतो. एमे आणि लिसा दोघींची गाणी आहेत त्यात. नावं सरकायला लागली तरी पोरं उठेनात. माझ्या पुढच्या रांगेतली मुलगी शब्द न् शब्द म्हणत होती. या गायिका स्वतःच्या नावाने, स्वतःच्या चेहऱ्याने गातात. गायकाने गोष्टीच्या मागे लपावं असं मला नाही वाटत. तो काळ गेला.

निशी_कासाई

ते फाटक कामाकुराजवळ आहे, कामाकुराकोको-माए स्टेशनच्या बाजूला! मी गेलेय. हिरवी छोटी गाडी समुद्राच्या कडेने येते आणि दोन्ही बाजूंना कॅमेरे घेऊन माणसंच माणसं. मला वाटलं होतं की सगळे समुद्र बघायला आलेत.

नाचणी

@बोरघाट, राग कसला. ‘स्लॅम डंक’चं ते गाणं मलाही आवडतं. पण तुम्ही ज्या काळाबद्दल बोलताय, त्याच काळात कागेयामांसारख्यांचं काम आटलं होतं.

नव्वदच्या दशकात रेकॉर्ड कंपन्यांच्या लक्षात आलं की ॲनिमेच्या सुरुवातीला रोज लाखो कान आयते मिळतात. मग आपल्या नव्या पॉप गायकांची गाणी तिथे लावायला सुरुवात झाली. याला तिकडे टाय-अप म्हणतात. सुरुवात आधीच झाली होती, ‘सिटी हंटर’चं ‘गेट वाइल्ड’ १९८७चं. काही गाणी अप्रतिम होती, काही कुठल्याही मालिकेला चिकटवली असती तरी चालली असती. मालिका संपल्यावर गोष्ट आणि गाणं एकमेकांना ओळखतही नसत. फक्त ॲनिमेसाठी गाणाऱ्यांना यात जागा उरेना.

इथे मिझुकी इचिरोंचं नाव घ्यायलाच हवं. ‘माझिंगर झेड’ या ॲनिमेचं गाणं १९७२चं, आवाज त्यांचा. चाहते त्यांना ‘आनिकी’ म्हणायचे, म्हणजे थोरला दादा. तेही आधी साधे पॉप गायक, १९६८ची पहिली रेकॉर्ड, काही चाललं नाही, १९७१मध्ये ॲनिमेचं गाणं मिळालं आणि मग आयुष्यभर तेच. कागेयामांचा रस्ता त्यांनी तेरा-चौदा वर्षं आधी चालून ठेवला होता. १९९९च्या ऑगस्टअखेरीला, कावागुची सरोवराकाठच्या रंगमंचावर, या माणसाने २४ तासांत १००० गाणी म्हटली. तेव्हा वय ५१. मी त्यातले तुकडे पाहिलेत. पहाटेच्या सुमाराला आवाज चिरतो, आणि समोर बसलेले लोक त्याला ओळीच्या शेवटापर्यंत पोचवतात.

पुढच्याच वर्षी, २०००मध्ये, जॅम प्रोजेक्ट. मिझुकी, कागेयामा, एंदो मासाआकी, मात्सुमोतो रिका (पोकेमॉनमधल्या मुलाचा जपानी आवाज यांचाच) आणि साकामोतो एइझो. नावाचा विस्तार ‘जपान ॲनिमेशनसाँग मेकर्स’. ॲनिमेचं गाणं हे आपलं काम आहे, ते आपणच जपू, असं ठरवून एकत्र आलेले हे लोक. पुढे ‘वन पीस’चं ‘वी आर!’ गाणारे किताडानी हिरोशी आले, ओकुई मासामी आल्या, फुकुयामा योशिकी आले. ब्राझीलचा रिकार्डो क्रूझ आला, चेंजमन बघत वाढलेल्या देशातला. मिझुकी नंतर बाजूला झाले आणि म्होरक्याची जबाबदारी कागेयामांवर आली. जॅमची कितीतरी गाणी त्यांनीच रचलीत. ‘वन पंच मॅन’चं २०१५चं गाणं तुम्ही नक्की ऐकलं असेल, त्यात त्यांचा आवाज लगेच ओळखू येतो, ५४व्या वर्षीचा.

आता लिसा. तिची सुरुवात बघा, बोरघाट. गिफू प्रांतातल्या सेकी गावची मुलगी, बँड केला, टोकियोला आली. २०१०मध्ये ‘एंजल बीट्स’ या ॲनिमेत एका बँडमधल्या मुलीचा गाण्याचा आवाज तिने दिला. बोलण्याचा आवाज दुसरीचा, चेहरा चित्रातला, आणि रेकॉर्डवर नाव त्या काल्पनिक बँडचं, ‘गर्ल्स डेड मॉन्स्टर’. २०११मध्ये पहिल्यांदा ती स्वतःच्या नावाने आली, तोवर लोकांना आवाज पाठ झाला होता. हे ‘KAGE’पेक्षा वेगळं आहे का? मला तर ती त्याच घरातली मुलगी वाटते. लपायला हवं असं माझं म्हणणं नाही. आधी गोष्टीला द्यावं लागतं, एवढंच दिसतं मला, आणि कागेयामांचं, मिझुकींचं, लिसाचं, तिघांचं तसंच झालं.

मिझुकी २०२२च्या ६ डिसेंबरला गेले. फुफ्फुसाचा कर्करोग होता. २७ नोव्हेंबरला, म्हणजे नऊ दिवस आधी, ते मंचावर गात होते.

बोरघाट

एंजल बीट्सचं माहीत होतं, पण असं जोडून कधी पाहिलं नव्हतं. हे पटलं.

जुनी गाणी आवडत नाहीत हे मात्र अजून खरं आहे :) तरी आज रात्री माझिंगर ऐकेन.

ताल_तिरकीट

मी मुंबईत जाहिरातींची संगीतपट्टी जुळवण्याचं काम करतो, म्हणून या गाण्यांच्या मापाबद्दल थोडं.

जपानी टीव्हीवर ॲनिमेच्या सुरुवातीला दीड मिनिटाची जागा असते आणि त्यात बसणारं गाणं साधारण ८९ सेकंदांचं करतात. एवढ्यात वाद्यांची सुरुवात, पहिली ओळ, मग चढ, मग कोरस, ज्याला तिकडे ‘साबी’ म्हणतात, आणि शेवट. पूर्ण गाणं चार मिनिटांचं असलं तरी बहुतेकांच्या डोक्यात हे ८९ सेकंदच राहतात. आमच्याकडे तीस सेकंदांच्या जिंगलमध्ये एकच कल्पना बसते. ८९ सेकंदांत मात्र एक पूर्ण प्रवास बसवावा लागतो, आणि तोही रोज ऐकून न कंटाळण्यासारखा. १९९ भाग म्हणजे चार वर्षांहून जास्त.

‘चा-ला हेच्चा-ला’ काल कामाच्या हेडफोनवर तीनदा ऐकलं. सुरुवात बघा, वाद्यं शांतपणे उलगडतात, घाई नाही. आवाज येतो तो मधल्या पट्टीत, गप्पा मारल्यासारखा, जवळजवळ खेळकर. कोरसच्या आधी स्वर एकेक पायरी वर जातात आणि कोरसला छातीतून उघडा आवाज लागतो, पण त्यात जोर दाखवायची धडपड नाही. सूर वर लागला आहे हे ऐकणाऱ्याला कळत नाही, म्हणून तर दहा वर्षांचं पोरही बेधडक बरोबर गायला लागतं आणि मग तिथे फसतं. हार्ड रॉकचा गळा आहे, पण त्याने दारातून आत येताना चपला काढल्यात. असं गाणं सोपं दिसतं. म्हणून बघा एकदा.

लेझीच्या काळात वाट्याला आलेली गोंडस गाणी गाऊनही हा गळा टिकला, आणि त्याहून मोलाचं म्हणजे त्या दिवसांतली गोड हसरी लकबही त्यात उरली आहे असं मला ऐकू येतं. पहिल्या दोन ओळी नीट ऐका. नाचणी, तुम्ही म्हणता तसा मिशेल पुसला गेलेला नाही. तो आत बसून गातोय.

नाचणी

@ताल_तिरकीट, हे वाचून मी गाणं परत लावलं. पहिल्या दोन ओळी. बरोबर आहे तुमचं. इतकी वर्षं मला फक्त कोरस ऐकू येत होता.

मेटल_मावळा

लेझीचा १९८०चा तो अल्बम आज पूर्ण ऐकला. आधी हा ऐका आणि मग ‘चा-ला’ ऐका, असं सगळ्यांना सांगेन. तोच माणूस आहे, तीच ताकद. मध्ये नऊ वर्षं गेलीत.

जॅम प्रोजेक्टवर २०२१मध्ये माहितीपट निघालाय, ‘गेट ओव्हर’. वीस वर्षं झाल्याच्या निमित्ताने कॅमेरा घेऊन बसले आणि मध्येच कोरोना आला, कार्यक्रम बंद. रिकाम्या सभागृहासाठी गाण्याची वेळ आलेले हे लोक त्यात दिसतात. मिळाला तर बघा.

अबोली२२

मी एवढे दिवस नुसती वाचक होते, हा पहिलाच प्रतिसाद.

माझा मुलगा नऊ वर्षांचा आहे. बोलताना अडखळतो, वर्गात उत्तर येत असलं तरी हात वर करत नाही. गाताना मात्र अडखळत नाही. हा धागा वाचून परवा त्याला गाणं ऐकवलं. तेव्हापासून घरात दुसरं काही चालू नाही. जून महिन्यात त्याच्या शाळेत प्रत्येकाने काहीतरी सादर करायचं असतं आणि त्याने स्वतःहून सांगितलंय की हे म्हणणार. जपानीत म्हणणार. कुणी शब्द देवनागरीत लिहून देईल का? आणि ‘हेड’ म्हणायचं का ‘हेच्’? इंग्रजी अक्षरांत ‘हेड’ लिहिलेलं दिसतं, पण गाण्यात ‘ड’ ऐकू येत नाही. तो रोज विचारतो.

नाचणी

@अबोली२२ ताई, ‘ड’ अजिबात नाही, त्याचे कान बरोबर आहेत. शब्द मूळचा ‘हेच्चारा’. जपानी पोरं पडल्यावर, ढोपर फुटल्यावर म्हणतात तसा: त्यात काय एवढं! त्याला अर्थ सांगा, मग उच्चार आपोआप येईल. ‘च्चा’वर जोर, जिभेला क्षणभर थांबू द्यायचं आणि मग सोडायचं.

शब्द इथे पूर्ण टाकता येणार नाहीत, पण मी ऐकून ऐकून एक वही केली आहे. तुम्हाला व्यक्तिगत निरोपातून पानांचे फोटो पाठवतो. निशी_कासाई ताई, एकदा नजर टाकाल का? माझे दोन-तीन उच्चार चुकलेले असणार.

निशी_कासाई

नक्की. आणि सोमवारी साहेबांना कराओकेबद्दल विचारते. हळू लयीत म्हणून दाखवाल का, नऊ वर्षांच्या मुलाला शिकायचंय असं सांगते. हो म्हणाले तर फोनवर ध्वनिमुद्रण करून पाठवेन.

ताल_तिरकीट

अबोली ताई, मूळ पट्टी लहान मुलाला फार चढी पडेल. त्याला नुसता एक ‘सा’ लावायला सांगून मला पाठवा, त्या पट्टीत वाद्यमेळ करून देतो. ८९ सेकंदांचाच ठेवू.

अबोली२२

पाठवला आहे. मागे कुकरची शिट्टी आली आहे, पण ‘सा’ चांगला लागलाय.

निशी_कासाई

साहेब हो म्हणाले. विचारत होते, मुलाचं नाव काय.